सनदेवर दोन नावं, सातबाऱ्यावर एक: तालुक्याच्या जमीन मदत केंद्राचा आमचा अनुभव

पाचपैकी साडेचार. अर्धा का कापला ते पुढे लिहिते. पण माझ्या आईचं नाव आज सातबाऱ्यावर दिसतंय ते या केंद्रामुळं, हे सगळ्यात आधी सांगायचंय.

आम्ही नाशिक जिल्ह्याच्या पश्चिमेकडच्या डोंगरपट्ट्यातले, कोकणा आदिवासी. मी आशा म्हणून काम करते, लग्न होऊन शेजारच्या गावात आले. हे केंद्र तालुक्याच्या गावी आहे, बाजारपेठेमागच्या गल्लीत, पिठाच्या गिरणीच्या वरच्या खोलीत. बायकांनीच चालवलेलं आहे. आठवड्यातून दोनच दिवस उघडतं, त्यातला एक बाजाराचा. केंद्राचं नाव मुद्दाम लिहीत नाही. तिथं बसणाऱ्या एका ताईंना त्यांच्या गावातून आधीच बराच त्रास झालाय, कुणाच्या तरी बहिणीचा हिस्सा लागला म्हणून. आमच्या भागातल्या बायकांना गिरणी म्हटलं की कळेल.

आता आमचं काम काय होतं ते.

वडील २०२३ च्या पावसाळ्यात गेले. आमच्याकडं वनपट्टा आहे, म्हणजे वनहक्क कायद्यानं कसायला मिळालेली जंगलजमीन. ०.८६ हेक्टर, म्हणजे दोन एकर पाच गुंठे. कसत होतो त्याच्या निम्म्याहून कमी मिळाला, पण सनद, म्हणजे हक्काचा सरकारी दाखला, मिळाली. त्या सनदेवर वडील आणि आई दोघांची नावं आहेत आणि दोघांचा एकत्र फोटो आहे. फोटोत आईनं डोक्यावरून पदर घेतलाय आणि वडिलांच्या सदऱ्याची वरची गुंडी तुटलेली आहे. आईचा तरुणपणचा दुसरा फोटोच नाही. सनद लॅमिनेट करून कणगीच्या मागं, प्लास्टिकच्या पिशवीत ठेवलेली असते.

२०२५ च्या एप्रिलपासून राज्यभर जिवंत सातबारा मोहीम सुरू झाली. मयत खातेदारांच्या जागी वारसांची नावं लावायची, चांगली गोष्ट. गावात चावडीवाचन झालं, म्हणजे याद्या सगळ्यांसमोर वाचल्या, वडिलांचं नाव मयतांच्या यादीत निघालं. काका म्हणाले, मी करून आणतो, आणि भावाला घेऊन बाजारातल्या एका दुकानात गेले. दुकानदारानं दीड हजार घेतले आणि ऑनलाइन अर्ज भरला. वारस किती, असं विचारल्यावर एकच नाव सांगितलं गेलं, माझ्या भावाचं. आई नाही, मी नाही, धाकटी बहीण नाही. भाऊ पंचवीस वर्षांचा आहे, त्याला वाटलं असंच करायचं असतं. मी त्याला दोष देत नाही. आमच्या गावात कागद म्हटला की तो पुरुषानंच करायचा, आणि पुरुषाच्याच नावाचा करायचा, हे त्यानं लहानपणापासून पाहिलंय.

मला कळलं ते आईच्या तोंडून, आणि तेही सहज. लसीकरणाच्या दिवशी माहेरच्या पाड्यावर गेले होते. आई म्हणाली, "आता जमीन पोराच्या नावावर होणार. नोटीस चिकटवलीय." मी विचारलं, "आणि तुझं नाव?" ती म्हणाली, "माझं तर आहेच ना. सनदेवर आहे."

मी फोनवर सातबारा काढून बघितला. भोगवटादाराच्या, म्हणजे धारकाच्या, जागी वन विभाग, आणि 'इतर अधिकार' या रकान्यात वडिलांचं नाव. एकट्या वडिलांचं. सनद दिली तेव्हा दोघांच्या नावानं दिली, आणि तीच सनद सातबाऱ्यावर चढवताना अर्धीच चढवली. इतक्या वर्षांत कुणी बघितलंच नव्हतं. मीही नाही, जिला वाचता येतं.

नोटीस निघून अकरा दिवस झाले होते. हरकतीला पंधरा दिवस असतात. चार दिवस उरले होते, त्यात एक रविवार.

माझ्या ओळखीच्या एका अंगणवाडी सेविकेनं या केंद्राचं सांगितलं. दुसऱ्या दिवशी बाजार होता म्हणून बरं. आई, मी आणि भाऊ, तिघं गेलो. भाऊ यायला तयार नव्हता, पण आला.

इथून पुढचं जरा सविस्तर लिहिते, कारण या केंद्राचं खरं वेगळेपण इथं आहे.

खोलीत एक टेबल, दोन ताई, एक संगणक, एक प्रिंटर. टेबलासमोर दोन खुर्च्या. भाऊ सवयीनं पुढच्या खुर्चीत बसायला गेला. ताई म्हणाल्या, "दादा, तुम्ही जरा बाकावर बसा. काम कुणाचं आहे? आईंचं. आईंना बसू द्या." आणि आईकडं बघून, "बोला मावशी." मी तोंड उघडलं तर मलाही थांबवलं. "तुम्ही शिकलेल्या आहात, कळतंय मला. पण त्यांचं त्यांना सांगू द्या."

आई थांबत थांबत बोलली. तिची भाषा आमची कोकणा बोली, त्यात मराठी मिसळत. एक ताई वारली घरातल्या आहेत, त्यांना सगळं समजलं. आईनं वडिलांच्या आजारपणापासून सुरुवात केली, मधेच नागलीच्या रोपावर गेली, मग रानडुकरांवर. कुणी तिला 'मुद्द्याचं बोला' म्हटलं नाही. मी हे मुद्दाम लिहितेय. मी सरकारी दवाखान्यात, कचेरीत, बँकेत आईला घेऊन फिरलेय. पन्नास वर्षं शेत कसणाऱ्या बाईशी टेबलापलीकडचा माणूस बोलतो तो तिच्या पोराकडं बघून.

मग त्यांनी सनद मागितली. आईनं पिशवी सोडली. ताईंनी सनद टेबलावर ठेवली, दुसऱ्या ओळीवर बोट ठेवलं आणि आईला म्हणाल्या, "हे वाचा." आई रात्रीच्या वर्गाला काही महिने गेली होती, अक्षरं लावता येतात. तिनं एकेक अक्षर लावत स्वतःचं नाव वाचलं, मग वडिलांचं, मग आडनाव. ताई म्हणाल्या, "मावशी, तुम्ही या जमिनीच्या वारस नाही." भाऊ, मी, दोघंही दचकलो. "वारस ते, ज्यांना मेलेल्या माणसाचं मिळतं. तुम्ही तर आधीपासून धारक आहात. २००६ च्या वनहक्क कायद्यातच लिहिलंय की लग्न झालेलं असेल तर पट्टा नवरा-बायको दोघांच्या नावावर. वारसाचा प्रश्न फक्त तुमच्या मालकांच्या बाजूचा. तुमची बाजू तुमचीच."

आई बराच वेळ काही बोलली नाही. मग भावाकडं वळून म्हणाली, "ऐकलंस?"

२०१८ च्या मार्चमध्ये नाशिकहून मुंबईला शेतकऱ्यांचा पायी मोर्चा गेला होता, ६ तारखेला निघून १२ तारखेला आझाद मैदानात पोचलेला. वनपट्ट्याची मागणी त्यात मोठी होती. आई त्यात चालली होती. शेवटच्या रात्री दहावीच्या पोरांच्या परीक्षेला अडचण नको म्हणून न थांबता रातोरात चालले, हे ती अजून सांगते. घरी आली तेव्हा तिच्या टाचांची कातडी सोलून निघालेली होती, मी स्वतः हळद आणि तेल लावलंय. त्या बाईचं नाव एका दुकानातल्या संगणकावर दोन मिनिटांत उडालं होतं. माझा राग त्या दिवशी तिथं पहिल्यांदा वर आला. ताईंनी पाणी दिलं, आणि म्हणाल्या, "रडा, पण तीनच दिवस आहेत. आधी अर्ज लिहू."

अर्ज साध्या कागदावर लिहिला. मोठे शब्द नाहीत, 'सदरहू' वगैरे नाही. सनदेची तारीख, क्षेत्र, दोन्ही नावं, सातबाऱ्यावर एकच नाव लागल्याची चूक, आणि वारसांत आई व दोन्ही मुली वगळल्याबद्दल हरकत. लिहून झाल्यावर आईला वाचून दाखवला, मग पुन्हा एकदा तिच्या बोलीत सांगितला, मग सही. आई अंगठा पुढं करायला लागली. ताई म्हणाल्या, "सही येते ना? मग सहीच." आईची सही व्हायला पाऊण मिनिट लागलं. मागं रांग होती, कुणी कुरकुरलं नाही.

आणि एक गोष्ट त्यांनी दोनदा बजावली: पोच घेतल्याशिवाय कचेरीची पायरी उतरायची नाही. दोन प्रती, एक त्यांना, दुसरीवर शिक्का, तारीख आणि सही. आम्ही तलाठी कार्यालयात गेलो (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणतात) तेव्हा "ठेवून जा, बघतो" असंच उत्तर मिळालं. ताईंनी सांगितलं नसतं तर आम्ही ठेवून आलो असतो. आई दारातल्या पायरीवर बसली. म्हणाली, शिक्का मिळेपर्यंत मी इथंच. अर्ध्या तासानं शिक्का मिळाला.

हरकत आल्यावर नोंद तक्रारी नोंदींच्या रजिस्टरला गेली, ६अ मध्ये, आणि मंडळ अधिकाऱ्यांपुढं सुनावणी लागली. तीन तारखा पडल्या. पहिलीला काका आलेच नाहीत. दुसरीला सनदेची मूळ प्रत मागितली, ती केंद्राच्या सांगण्यानुसार आमच्याजवळ होतीच. तिसरीला भावानं स्वतः सांगितलं की आई आणि बहिणी आहेत, अर्जात चूक झाली. तीनही वेळा केंद्रातल्या एक ताई बरोबर आल्या. आत बोलल्या नाहीत, बोलायचं आईलाच. त्या फक्त मागं उभ्या होत्या. नुसतं असं कुणी मागं उभं राहिलं की बाईचा आवाज किती वेगळा निघतो, हे मी त्या खोलीत ऐकलं.

दिवाळीच्या आधी नोंद मंजूर झाली. आता इतर अधिकारात आईचं नाव सनदेप्रमाणे, आणि वडिलांच्या जागी वारस म्हणून आई, भाऊ, मी, बहीण. डिजिटल सहीचा उतारा पंधरा रुपयांत निघतो, तो केंद्रातच काढून दिला.

खर्चाचं म्हणाल तर सल्ल्याला पैसे नाहीत. अर्ज लिहिण्याचे पन्नास, झेरॉक्सचे दोन रुपये पान. सुनावणीला येणाऱ्या ताईंच्या एसटीचं भाडं आम्ही दिलं, त्यांनी मागितलं नव्हतं. आणि आधी दुकानात गेलेले दीड हजार गेले ते गेलेच.

आता हक्कसोडीचं. नोंद झाल्यावर काकांनी नवा विषय काढला: पोरींनी हक्कसोड लिहून द्यावी, म्हणजे भाऊ मोकळा. मी पुन्हा गिरणीवर गेले. मला वाटलं होतं ताई एकदम म्हणतील, सोडू नका. त्यांनी तसं म्हटलं नाही. विचारलं, "तुमचं स्वतःचं काय म्हणणं आहे? भावाला बाजूला ठेवा, मलाही बाजूला ठेवा." मी म्हटलं, कळत नाही. "मग आज सही करायची नाही. कळेल तेव्हा करा. ही सही परत घेता येत नाही."

आणि कायद्याचं त्यांनी जे खरं आहे ते सांगितलं, मला बरं वाटावं म्हणून नाही. त्यांच्या भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहिलेलं आहे: २००५ च्या दुरुस्तीनं मुलीला वडिलोपार्जित जमिनीत मुलाइतकाच हक्क, आणि २०२० च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानं वडील २००५ आधी गेलेले असले तरी. मी ते वाचून म्हटलं, मग आमचंही झालं की. ताई म्हणाल्या, "तो हिंदू वारसा कायदा. त्याच्याच कलम २ मध्ये लिहिलंय की अनुसूचित जमातींना तो लागू नाही, केंद्र सरकारनं वेगळी अधिसूचना काढली तरच. आपल्यात रूढी बघतात. आणि रूढी काय, हे सांगायला कचेरीत कोण जातं? पुरुषच." मग त्यांनी १७ जुलै २०२५ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल सांगितला, छत्तीसगडच्या एका गोंड कुटुंबाचा. आजोबांच्या जमिनीतल्या आईच्या वाट्यासाठी तिची मुलं भांडत होती. न्यायालय म्हणालं, बाईला वाटा नाकारणारी रूढी आहे असं कुणी सिद्ध केलेलं नाही, मग नुसतं बाई म्हणून तिला वगळता येणार नाही, ते समानतेच्या विरुद्ध आहे. छापील मराठी गोषवारा त्यांच्या फाइलीत आहे, मागितला तर वाचायला देतात. मी आमच्या ग्रामसभेत तो वाचून दाखवला.

ग्रामसभेवरून आठवलं. वनहक्काच्या ग्रामसभेला निम्मे सभासद हजर हवेत आणि हजर असलेल्यांत एक तृतीयांश बायका हव्यात, हा नियम आहे. आमच्याकडं तो कागदावर नेहमी पुरा होतो. बायकांच्या सह्या घरोघर फिरून घेतल्या जातात. केंद्रानं आमच्या पाड्यावर एक बैठक घेतली, चुलीपाशी बसवून नाही तर देवळाच्या ओट्यावर, आणि वनहक्क समितीत किती बायका आहेत ते विचारलं. पाच नावं होती. त्यातल्या दोघींना आपण समितीत आहोत हेच माहीत नव्हतं. एक तिथंच बसली होती.

मी रांगेत थांबले त्या दिवसांत शेतकरी घरातल्या, आदिवासी नसलेल्या बायकाही बऱ्याच दिसल्या. एक जण द्राक्षाच्या पट्ट्यातली, नवऱ्यालाच घेऊन आलेली. त्यांना लक्ष्मी मुक्तीचा अर्ज करायचा होता: नवऱ्यानं जिवंतपणीच बायकोचं नाव सहहिस्सेदार म्हणून सातबाऱ्यावर लावायचं, ज्याचं सरकारी परिपत्रक १९९२ सालचं आहे. केंद्रातल्या थोरल्या ताईंचं माहेर चांदवडकडचं. १९८६ ला चांदवडला शेतकरी महिलांचं मोठं अधिवेशन भरलं तेव्हा त्या आपल्या आईबरोबर गेल्या होत्या. त्यानंतरच्या काळात शेतकरी संघटनेच्या शरद जोशींनी लक्ष्मी मुक्तीची हाक दिली, आणि गावंच्या गावं बायकांच्या नावावर जमिनीचा तुकडा करून देऊ लागली, हे त्या सांगत होत्या आणि तो नवरा मान डोलावत ऐकत होता. त्याची बायको मात्र अर्जाच्या कागदाकडंच बघत होती. तरी भिंतीवरच्या तक्त्यात २०१५-१६ च्या कृषी गणनेचा आकडा आहे: देशातल्या शेतीखात्यांपैकी बायकांकडं सुमारे १४ टक्के. लावणीच्या दिवसांत आमच्या शिवारात उभं राहून बघावं, चिखलात वाकलेल्यांत बायका किती ते.

नाव लागून काय होतं, असं कुणी विचारतं. आमच्यापुरतं सांगते. भात आधारभूत किमतीच्या खरेदी केंद्रावर द्यायला सातबारा लागतो. आधी आई पिकवायची आणि पावती दुसऱ्याच्या नावाची व्हायची. अवकाळीची भरपाई नावावर येते. पीककर्ज नावावर मिळतं. आणि उद्या भावाचं लग्न झालं, घरात काही कमीजास्त झालं, तर आईला स्वतःच्या शेतात कुणाला विचारून उभं राहावं लागणार नाही.

अर्धा गुण का कापला ते आता. दोनच दिवस उघडं असतं, आणि हरकतीचे पंधरा दिवस काही बाजार बघून संपत नाहीत. आमचं नशीब, दुसऱ्या दिवशी बाजार होता. फोन लावला तर उचलला जाईलच असं नाही. प्रिंटर वीज गेली की बंद, आणि आमच्याकडं पावसाळ्यात वीज जातेच. जिना फार उभा आहे, म्हाताऱ्या बायकांना हात धरून चढवावं लागतं. खाली गिरणीत एक खुर्ची टाकली आणि ताई खाली उतरल्या तरी पुष्कळ होईल. मी त्यांना हे तोंडावर सांगितलंय.

जाताना मूळ सनद न्या, पण ती हातातून सोडू नका, झेरॉक्स द्या. मृत्यूचा दाखला, सगळ्या वारसांची आधार, चालू सातबारा आणि ८अ चा खातेउतारा. नोटीस लागली असेल तर तिचा फोटो, तारीख दिसेल असा. सकाळी दहाच्या आत गेलात तर दुपारच्या एसटीनं परत येता येतं. आणि जिचं काम आहे तिला घेऊन जा. तिच्याशिवाय गेलात तर ते परत पाठवतात, मी दोघांना पाठवताना बघितलंय.

पुढच्या बाजारी मी आत्याला घेऊन जाणार आहे. तिला सनदच मिळालेली नाही, दावा नामंजूर झाला. नवरा कधीच गेला, मूलबाळ नाही, डोंगराच्या पोटाला एकटी वरई पेरते. परवा तिनं पत्र्याच्या डब्यातून दोन कागद काढून दाखवले. जंगलात नांगर घातला म्हणून झालेल्या दंडाच्या पावत्या, १९८० च्या दशकातल्या, शाई उडालेली. १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासून कसतोय हे दाखवायला असा कागद पुरावा म्हणून चालतो. ताईंना फोनवर विचारलं तर म्हणाल्या, पावत्यांना हात लावू नका, लॅमिनेशन तर अजिबात नको, तशाच वहीत घालून आणा, आणि त्या काळी तिला तिथं नांगर धरताना बघितलेलं एखादं म्हातारं माणूस गावात असेल तर त्यालाही बरोबर घ्या. आहे एक. त्याला जिना चढवेल का, तेवढं बघायचंय.